मोर्चा सातव्या टप्प्यावर: लोकांचं संघटन बांधण्याचा क्रम

आमच्या भागातली रात्रीची शेवटची बस बंद झाली, तेव्हा आम्ही चौथ्याच दिवशी मोर्चा काढला. दोनशेच्या आसपास माणसं आली. घोषणा झाल्या, साहेबांनी निवेदन घेतलं, 'बघतो' म्हणाले, फोटो निघाले. महिन्याभराने दुसरा मोर्चा काढला, त्याला चाळीस जण. तिसऱ्या खेपेला बॅनरची दोन टोकं धरायला माणसं होती, मागे कोणी नव्हतं. ती बस पुढे सुरू झाली, पण त्याआधी सगळं बाजूला ठेवून पहिल्यापासून मांडावं लागलं. खाली दिलेला क्रम त्या दुसऱ्या मांडणीचा आहे.

अशा कामात बहुतेक जण एकाच जागी चुकतात. मागणी दोघा-तिघांत आधी ठरते, माणसं नंतर गोळा केली जातात, आणि निर्णय नक्की कोणाच्या हातात आहे ते सगळ्यात शेवटी कळतं. हे नेमकं उलटं करायचं आहे.

हाताशी काय हवं: एक जाड वही, परिसराचा हाताने काढलेला नकाशा, आठवड्यातल्या दोन संध्याकाळी देऊ शकतील अशी तीन ते पाच माणसं आणि तीनेक महिन्यांची सवड. मोबाइलवरचा ग्रुप या यादीत नाही. तो चौथ्या टप्प्याआधी काढू नका. का, ते तिथे येईल.

## टप्पा १: दारोदार जा आणि ऐका

पहिल्या फेरीत पत्रक न्यायचं नाही, सही मागायची नाही. दोघांनी जायचं. एकाने बोलायचं आणि दुसऱ्याने बाहेर पडल्यावर लिहायचं. समोर वही उघडली की माणूस मोजून-मापून बोलू लागतो. एका घरी वीस मिनिटं ते अर्धा तास द्या, आणि त्यातला बराचसा वेळ समोरच्याला बोलू द्या. तीन प्रश्न पुरतात:

- सगळ्यात जास्त त्रास कशाचा होतो?
- त्यावर आजवर काय करून पाहिलंत?
- अडीनडीला इथे कोणाकडे जाता?

तिसरा प्रश्न सर्वांत मोलाचा. वीस घरांत एकच नाव चार-पाच वेळा आलं, तर त्याभोवती वहीत गोल काढा. हे नाव सहसा भाषण करणाऱ्याचं नसतं. अर्ज भरून देणारी, दवाखान्यात सोबत जाणारी, दोन घरांतलं भांडण मिटवणारी ही माणसं असतात. त्यांना एरवी कोणी 'कार्यकर्ता' म्हणत नाही, पण त्यांनी 'चला' म्हटलं की लोक चप्पल घालतात.

आमच्या दुसऱ्या फेरीत रात्रपाळी करणाऱ्या एक ताई भेटल्या. आम्ही बसचा विषय कधी निघतो याची वाट बघत होतो. त्या म्हणाल्या, "बस गेली ती गेली हो. पण होती तेव्हा तरी मी त्या थांब्यावर कुठे उभी राहत होते? दिवा नाही तिथे. दोन थांबे पुढे चालत जायचे, उजेडात उभं राहायला." आम्ही दोघंही रोज त्याच थांब्यावरून ये-जा करणारे, पण तिथे दिवा नाही हे कधी डोळ्यांत भरलं नव्हतं. पुढच्या अकरा घरांत, आम्ही न विचारता, सहा ठिकाणी दिव्याचा विषय निघाला. कार्यालयाचं म्हणणं होतं, प्रवासी कमी म्हणून बस बंद केली. प्रवासी कमी का होते, ते त्या ताईंनी सांगितलं.

हे काम कंटाळवाणं आहे आणि टाळायचा मोह होतो. कॅलिफोर्नियातल्या शेतमजुरांची संघटना सेझर चावेझ आणि डोलोरेस हुएर्ता यांनी १९६२ मध्ये बांधायला घेतली, ती अशाच घरगुती बैठकांतून. एका घरी मोजके लोक जमायचे आणि त्यातूनच पुढच्या घरची बैठक निघायची. द्राक्षमळ्यांतला गाजलेला संप १९६५ मधला. लोकांना आठवतो तो संप. त्याच्या आधीची तीन वर्षं कोणी मोजत नाही.

तपासा: तीस घरं झाली का? त्यांतली निम्मी तरी तुमच्या ओळखीबाहेरची आहेत का? ज्यांना त्रास सर्वांत जास्त आहे, त्यांच्या सोयीच्या वेळी गेलात की स्वतःच्या?

## टप्पा २: गाऱ्हाण्यातून एक मागणी काढा

गाऱ्हाणं मोठं आणि पसरट असतं, मागणी टोकदार हवी. 'वाहतूक सुधारा' हे गाऱ्हाणं झालं. 'रात्री अकराची बस येत्या एक तारखेपासून सुरू करा आणि थांब्यावर दिवा लावा' ही मागणी. तिला समोरच्याला 'हो' किंवा 'नाही' म्हणावंच लागतं, आणि ती पुरी झाली की नाही हे कोणीही थांब्यावर उभं राहून सांगू शकतं.

आमच्या पहिल्या निवेदनात अकरा मागण्या होत्या. साहेबांनी त्यातली एक तत्काळ मान्य केली, थांब्याचा फलक रंगवण्याची. फलक रंगला आणि 'नागरिकांच्या मागणीला प्रतिसाद' अशी बातमीही आली. लांबलचक यादी दिली की सर्वांत स्वस्त मागणी निवडण्याची मुभा आपणच समोरच्याला देतो.

मागणी छोटी ठेवली तर लढा छोटा होईल, अशी भीती कार्यकर्त्यांना वाटते. १९५५ मध्ये अमेरिकेतल्या मॉन्टगोमेरी शहरात, बसमधल्या वर्णभेदामुळे कृष्णवर्णीयांनी बसवर बहिष्कार टाकला. त्याच्या सुरुवातीच्या मागण्या पाहा: चालकांनी सभ्यपणे वागावं, कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांतल्या मार्गांवर कृष्णवर्णीय चालक नेमावेत, आणि जो आधी येईल तो आधी बसेल, तेही कृष्णवर्णीयांनी मागून आणि गोऱ्यांनी पुढून. बसमधला वर्णभेद मुळातूनच काढा, असं त्या यादीत नव्हतं. इतकी माफक मागणीही नाकारली गेली, तेव्हा फेब्रुवारी १९५६ मध्ये थेट वर्णभेदाच्या कायद्यालाच न्यायालयात आव्हान दिलं गेलं. माफक मागणी नाकारली की काठावर बसलेल्या माणसालाही पाणी कुठे मुरतंय ते दिसतं.

सावध: मागणी गाभ्यातल्या, म्हणजे काम पुढे नेणाऱ्या मोजक्या गटातल्या, चौघांनी ठरवून लोकांना 'सांगायची' नाही. तीस घरांतून आलेल्या दोन-तीन पर्यायांवर बैठकीत हात वर करून निवड होऊ द्या. तुमची आवडती मागणी हरली, तर हरू द्या.

## टप्पा ३: सही कोणाची चालते, ते शोधा

'प्रशासन', 'सरकार', 'व्यवस्थापन' हे कोणी एक माणूस नव्हे. ज्याच्या सहीने मागणी मान्य होते, त्याचं पद वहीत लिहा. हे पद लिहिता येत नसेल तर पुढचा टप्पा सुरू करू नका. आगारात जाऊन आरडाओरडा करणं सोपं असतं, पण तिथल्या माणसाला फेरी बंद किंवा सुरू करण्याचा अधिकारच नसतो.

मग कागदाचे तीन रकाने करा. पहिल्यात निर्णय घेणारा. दुसऱ्यात ज्यांचं त्याच्यावर वजन आहे ते: वरिष्ठ, निवडून आलेले, पैसा देणारे, त्याच्या सेवेचे ग्राहक, वार्ताहर. तिसऱ्यात त्या प्रत्येकापर्यंत आपल्यातलं कोण पोहोचू शकतं. तिसरा रकाना रिकामा राहिला, तर टप्पा एकवर परत जा; अजून पुरेशी घरं झालेली नाहीत.

थेट दबाव चालत नसेल तर बाजू बदलायला हा कागद उपयोगी पडतो. द्राक्षमळ्यांचे मालक संपाला बधत नव्हते, कारण बाहेरून दुसरे मजूर आणता येत होते. मग संघटनेने मोर्चा वळवला तो शहरांतल्या गिऱ्हाइकांकडे: ही द्राक्षं विकत घेऊ नका. १९७० च्या जुलैमध्ये कॅलिफोर्नियातल्या डेलानोच्या मोठ्या मालकांनी करारांवर सह्या केल्या, तेव्हा संपाला जवळपास पाच वर्षं झाली होती.

सावध: खालच्या कर्मचाऱ्यांना शत्रू करू नका. आमच्याकडे जुन्या फेऱ्यांच्या वेळा आणि गर्दीचा अंदाज दिला तो चालकांनीच. पहिल्या मोर्च्यात आम्ही त्यांच्याच नावाने घोषणा दिल्या होत्या, हे त्यांनी मोठ्या मनाने काढलं नाही.

## टप्पा ४: गाभा, वर्गणी आणि कामाची वाटणी

गोल काढलेल्या नावांना आता बोलवा. गाभ्यात सात ते बारा जण बरे. पाचाच्या खाली गेलं की काम एकाच्या अंगावर पडतं, पंधराच्या वर गेलं की बैठकीची सभा होते. प्रत्येकाकडे दहा घरं द्या. निरोप देणं, हजेरी घेणं, तक्रार ऐकणं या सगळ्याला त्या दहा घरांचा जबाबदार माणूस एकच.

वर्गणी घ्या, अगदी थोडी का होईना. पैशापेक्षा त्यामागचं मन कळतं: जो देतो तो हिशेब विचारतो, आणि हिशेब विचारणारा बैठकीला येतो. चावेझ यांच्या संघटनेने गरीब शेतमजुरांकडूनही दरमहा साडेतीन डॉलर घेतले, आणि त्या काळी ती रक्कम अंगावर येणारी होती. हिशेब प्रत्येक बैठकीच्या सुरुवातीला मोठ्याने वाचायचा. शेवटी ठेवला तर तोवर अर्धे लोक उठलेले असतात आणि कुजबुज सुरू होते.

आता मोबाइलच्या ग्रुपविषयी. तो आधी काढला की तीनशे सभासद होतात, अंगठे येतात, आणि आपल्यामागे तीनशे माणसं आहेत असं वाटू लागतं. दहा घरांची साखळी उभी राहिली की मग तोच ग्रुप निरोपासाठी कामाचा ठरतो. चर्चा तिथे करू नका. रात्री साडेअकराला लिहिलेल्या एका तिरकस वाक्याने आमचे दोन चांगले कार्यकर्ते महिनाभर एकमेकांशी बोलत नव्हते.

वाटणी आधीच झालेली असेल तर काय होतं, ते पाहा. मॉन्टगोमेरीत बसमधली जागा गोऱ्या प्रवाशासाठी सोडायला नकार दिला म्हणून रोझा पार्क्स यांना १ डिसेंबर १९५५ ला, गुरुवारी अटक झाली. सोमवारच्या बहिष्काराची हजारो पत्रकं जो ॲन रॉबिन्सन यांनी त्याच रात्रीत काढली आणि शुक्रवारी ती शहरभर गेली. रॉबिन्सन यांच्या संघटनेत, महिलांच्या राजकीय परिषदेत, वाटपाचा आराखडा कित्येक महिने आधी तयार होता. त्यात तारीख तेवढी भरायची बाकी होती.

दुसरी फळीही याच टप्प्यात तयार करा. चिपको आंदोलनातलं उदाहरण घ्या. मार्च १९७४ मध्ये, आजच्या उत्तराखंडातल्या रेणी गावातली पुरुषमंडळी जमिनीची भरपाई घ्यायला चमोलीला गेली होती आणि नेमकी त्याच दिवशी झाडं तोडणारी माणसं जंगलाकडे निघाली. गौरादेवींच्या महिला मंगल दलातल्या बायका तिथे जाऊन उभ्या राहिल्या. त्यांना कोणाच्या आदेशाची वाट पाहावी लागली नाही.

तपासा: तुम्ही पंधरा दिवस आजारी पडलात तर पुढची बैठक होईल का? उत्तर 'नाही' असेल, तर तुमच्याकडे संघटना नाही; तुमच्याकडे तुम्ही आहात.

## टप्पा ५: पुरावा गोळा करा, तोही लोकांकडूनच

आम्ही चौदा रात्री थांब्यावर वही ठेवली. रकाने साधे होते: तारीख, वेळ, किती जण उभे, त्यात बायका किती, कुठे जायचं होतं, शेवटी कसे गेले. दर रात्री वेगळे दोघं बसायचे. 'कसे गेले' या शेवटच्या रकान्याने काम केलं. 'पायी', 'पायी', 'भाऊ न्यायला आला', 'पायी' हे पान पुढे बैठकीत वाचून दाखवलं, तेव्हा त्याच्यासोबत जोडलेल्या चार पानी निवेदनाकडे कोणी पाहिलंही नाही.

पुरावा जितका उघड वाचला जाईल तितका त्याचा जोर वाढतो. राजस्थानात मजदूर किसान शक्ती संगठनने डिसेंबर १९९४ मध्ये कोट किराणा इथे पहिली जनसुनवाई घेतली. सरकारी कामांचे हजेरीपट गावासमोर मोठ्याने वाचले. ज्यांनी कामावर पाऊलही ठेवलं नव्हतं त्यांच्या नावावर मजुरी निघाल्याचं गावानेच तिथल्या तिथे सांगितलं. नोंदी सर्वांना पाहता आल्या पाहिजेत ही मागणी त्यातून वाढत गेली, आणि २००५ मध्ये माहितीच्या अधिकाराचा देशभरासाठीचा कायदा झाला.

सावध: एकही आकडा फुगवू नका. दहापैकी एक नोंद खोटी निघाली की उरलेल्या नऊ कोणी ऐकत नाही. रुसलेल्या शेजाऱ्याची ऐकीव माहितीही वहीत नको. स्वतः पाहिलेलंच लिहा.

## टप्पा ६: माणसं मोजा

हा टप्पा जवळजवळ सगळेच गाळतात. मोर्च्याआधी तीन छोट्या चाचण्या घ्या, प्रत्येक आधीच्यापेक्षा थोडी अवघड:

१. सही. घरी बसून होणारं काम.
२. तासाभराची बैठक. घराबाहेर पडावं लागतं.
३. कामाच्या दिवशी कार्यालयात जाऊन स्वतःच्या नावाने अर्ज देणं आणि त्याची पोच आणणं. वेळ जातो आणि नाव उघड होतं.

प्रत्येक वेळी दोन आकडे लिहा: किती जण 'येतो' म्हणाले आणि किती आले. आमच्या पहिल्या बैठकीला साठ जण येणार होते, बावीस आले. वाईट वाटलं, पण बावीस हा खरा आकडा होता, आणि कोणाच्या दहा घरांतून एकही आलं नाही हे कळलं. त्या घरांत पुन्हा गेलो. ओरडायला नाही, विचारायला. एका गल्लीतलं कारण अगदी साधं निघालं: बैठकीची वेळ नळाला पाणी येण्याची होती.

ठरवलेल्यांपैकी दोन-तृतीयांश येईपर्यंत पुढची पायरी चढायची नाही, हा आमचा नियम. मॉन्टगोमेरीतही आधी ठरला होता तो एका दिवसाचा बहिष्कार. ५ डिसेंबरला बस जवळपास रिकाम्या धावल्या. हे डोळ्यांनी पाहिल्यावर त्या संध्याकाळच्या सभेत पुढे चालू ठेवायचं ठरलं. मग ते ३८१ दिवस चाललं, आणि त्यासाठी लोकांना कामावर पोहोचवणाऱ्या गाड्यांची वेगळी व्यवस्था करावी लागली. तुमच्याकडे अशी पर्यायी सोय नसेल तर बेमुदत काहीही जाहीर करू नका.

## टप्पा ७: आता मोर्चा, पण तालमीनंतर

दबाव पायरी-पायरीने चढवा: शिष्टमंडळ, मग एकाच दिवशी सर्वांचे अर्ज, मग कार्यालयासमोर तासभर शांत बसणं, मग मोर्चा. सगळ्यात मोठं पाऊल आधी टाकलं तर दुसऱ्या दिवशी दाखवायला काही उरत नाही. समोरच्यालाही ते ठाऊक असतं, म्हणून तो नुसता थांबतो.

तालीम अक्षरशः करा. अमेरिकेतल्या नॅशव्हिलमध्ये १९६० ची, वर्णभेदाविरुद्धची उपाहारगृहांतली धरणी सुरू होण्याआधी जेम्स लॉसन यांनी विद्यार्थ्यांकडून महिनोन्महिने सराव करून घेतला. काहींनी शिव्या देणारे, ढकलणारे व्हायचं आणि बाकीच्यांनी हात न उचलता बसून राहायचं. आपल्याकडेही अर्ध्या तासाची तालीम पुरेशी शहाणी करते. कोण बोलणार, निवेदन कोण देणार, कोणी डिवचलं तर मध्ये कोण पडणार, वयस्करांना घरी कोण सोडणार, पोलिसांशी कोण बोलणार, ही नावं कागदावर हवीत. मोर्चा किती वाजता संपणार तेही आधी सांगा आणि त्या वेळेला संपवा. वेळेत सुटलेला माणूस पुन्हा येतो.

परवानगी लागत असेल तर लेखी घ्या आणि ती प्रत दोघांच्या खिशात ठेवा.

## टप्पा ८: टेबलावर

आत तीन ते पाच जणांनी जायचं, त्यांत ज्यांना त्रास आहे ती निदान दोन माणसं असावीत. आमच्याकडून त्या रात्रपाळीच्या ताई गेल्या आणि त्यांनीच वहीतलं पान वाचलं. आधी ठरवून ठेवा: काय मिळालंच पाहिजे, कशावर थांबता येईल आणि आत कशालाही 'हो' म्हणायचं नाही. प्रस्ताव आला की 'बाहेर विचारून येतो' म्हणून उठायचं. ही मुभा नसलेलं शिष्टमंडळ चहाच्या कपावर विरघळतं.

नेहमीची उत्तरं आणि त्यांवरचे प्रश्न पाठ करून जा. 'समिती नेमतो': सभासद कोण, अहवाल कोणत्या तारखेला, आमचा माणूस त्यात आहे का? 'निधी नाही': किती लागतो, ते कागदावर द्या. 'वर कळवतो': आजच्या पत्राची प्रत आम्हाला द्या. शेवटी तारीख, पद आणि सही असलेला कागद हातात घेतल्याशिवाय बाहेर येऊन 'जिंकलो' म्हणू नका.

आम्हाला पहिल्या बैठकीत फक्त दिवा मिळाला. बाहेर दोघं-तिघं चिडले. पण दिवा लागला त्या रात्री थांब्यावर माणसं नुसती बघायला आली होती, आणि बससाठीच्या पुढच्या बैठकीला साठापैकी बावन्न जण आले.

## टप्पा ९: कागद मिळाल्यावरचे सहा महिने

ठराव झाला म्हणजे काम झालं, ही सर्वांत महागात पडणारी समजूत. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचा, सदस्य सी. के. बोले यांनी मांडलेला ठराव मुंबई विधिमंडळात १९२३ मध्ये मंजूर झाला. महाडच्या नगरपालिकेने १९२४ मध्ये आपलं तळं खुलं केल्याचा ठराव केला. तळ्याला हात लागला तो २० मार्च १९२७ ला, डॉ. आंबेडकर हजारो लोकांसह तिथे चालत गेले तेव्हा. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला, आणि उच्च न्यायालयाचा निकाल यायला १९३७ उजाडलं. ठराव, प्रत्यक्ष वापर आणि वापर टिकणं ही तीन वेगळी कामं आहेत. तिन्हींसाठी माणसं नेमावी लागतात.

म्हणून मान्यता मिळाल्याच्या आठ दिवसांत बैठक घ्या, आणि तीत एवढंच करा:

- अंमलबजावणीवर लक्ष कोण ठेवणार, त्यांची नावं आणि वार.
- शब्द मोडला तर किती दिवसांत कोणती पायरी चढायची.
- या लढ्यात नव्याने पुढे आलेल्या कोणाकडे पुढच्या वेळी गाभ्यातलं काम द्यायचं.
- उरलेल्या वर्गणीचा हिशेब.

आमची बस ठरल्या तारखेला सुरू झाली आणि दोन महिन्यांनी रविवारी गुपचूप येईनाशी झाली. थांब्यावरची वही तोवर चालू होती. सलग तीन रविवारांच्या नोंदींची छायाप्रत आणि मान्यतेचा कागद एकत्र जोडून चार जण कार्यालयात गेले. मोर्चा काढावा लागला नाही. चौथ्या रविवारी अकराला सात मिनिटं कमी असताना बस आली. वहीत ती नोंद त्या ताईंच्या पुतणीच्या हातची आहे.